जुनी दुखापत, चालू उपचार आणि सातवे अक्षर

वाचकाचे पत्र

सादर नमस्कार. मी गुहागर तालुक्यातल्या एका गावातून, घरूनच, नवी मुंबईतील एका कंपनीसाठी मेडिकल कोडिंगचे, म्हणजे डॉक्टरांच्या नोंदींतील निदानांना विम्याच्या दाव्यासाठी ठरलेले कोड देण्याचे काम करते. अमेरिकेतील रुग्णालयांचे चार्ट, म्हणजे उपचारांच्या नोंदी, आमच्याकडे येतात आणि माझ्या वाट्याला बहुतेक मेंदूच्या दुखापतीनंतरचे फॉलो-अप येतात. दुखापतीच्या कोडच्या शेवटच्या, सातव्या अक्षरासाठी क्लासमध्ये आम्हाला ‘पहिली भेट म्हणजे ए, फॉलो-अप म्हणजे डी’ असे शिकवले होते आणि मी तेच पाळत आले. जुलैच्या ऑडिटमध्ये माझे तीन चार्ट चुकीचे ठरले.

पहिल्यात ७१ वर्षांचे गृहस्थ न्हाणीघरात पडले होते. सहा आठवड्यांनी दुसऱ्या रुग्णालयात त्यांच्या कवटीखाली साचलेल्या रक्तावर शस्त्रक्रिया झाली. मी डी दिला, ऑडिटर ए म्हणतात. दुसऱ्यात एका बाईंना मोटार अपघातात मेंदूच्या डाव्या बाजूला मार लागला होता, ती काही काळ बेशुद्ध होती आणि आठ महिन्यांनंतर डॉक्टरांनी ‘पूर्वीच्या दुखापतीमुळे उरलेली एकाग्रतेची अडचण’ असे लिहिले. मी दुखापतीचा कोड डी लावून दिला, ऑडिटर एस म्हणतात. तिसऱ्यात १६ वर्षांच्या मुलाला खेळताना कन्कशन, म्हणजे डोक्याला धक्का बसून मेंदूच्या कामात तात्पुरता बिघाड झाला होता, शुद्ध हरपली नव्हती. पाच आठवड्यांनी डॉक्टर लिहितात की कन्कशन सुधारत आहे, डोकेदुखी अजून आहे, शाळा हळूहळू सुरू करावी. मी डी दिला, तर ऑडिटर म्हणतात की एफ०७.८१ (कन्कशननंतरच्या सिंड्रोमचा कोड) द्यायला हवा होता. माझी ॲक्युरसी ९५ टक्क्यांखाली गेली आहे. तिन्हींवर रिबटल, म्हणजे ऑडिटच्या निकालावर लेखी हरकत, टाकू का?

आणखी एक. माझा मावसभाऊ मे महिन्यात हापूस उतरवताना झाडावरून पडला. मेंदूत रक्तस्राव झाला होता, शस्त्रक्रिया लागली नाही. आता त्याचे फॉलो-अप चालू आहेत आणि मावशी म्हणते, तू कोडिंग करतेस, तर विम्याच्या फॉर्मवर कोड तूच लिही. काय करू?

उत्तर

तिन्हींवर रिबटल टाकू नका. पहिल्या दोन चार्टमध्ये ऑडिटरचे बरोबर आहे आणि तिसऱ्यात तुमचे. तिन्ही निकाल एकाच तत्त्वावर लागतात, आणि ते तत्त्व क्लासमधल्या त्या सूत्रात नेमके सुटले आहे.

दुखापतीच्या कोडचे सातवे अक्षर रुग्ण कितव्यांदा आला हे सांगत नाही. त्या भेटीच्या वेळी उपचार कोणत्या टप्प्यावर होता हे सांगते. शेतावर आपण कितव्यांदा गेलो यावरून लावणी चालू आहे की कापणी हे कोणी ठरवत नाही, तसेच हे आहे. आयसीडी-१०-सीएम या अमेरिकेतील आजार-दुखापतींच्या कोडयादीच्या अधिकृत गाइडलाइनमध्ये हे स्पष्ट लिहिलेले आहे: रुग्णावर सक्रिय उपचार चालू असेल अशा प्रत्येक भेटीला ए, सक्रिय उपचार संपून रुग्ण भरून येण्याच्या काळात नेहमीची देखरेख घेत असेल तेव्हा डी, आणि दुखापतीचा थेट परिणाम म्हणून मागे राहिलेली किंवा नंतर उद्भवलेली तक्रार तपासली जात असेल तेव्हा एस. डॉक्टर नवा की जुना, यावर अक्षर ठरत नाही, हेही तिथेच नमूद आहे. कोडच्या पुस्तकात ए समोर ‘इनिशियल एन्काउंटर’ असे छापलेले असल्यामुळे गोंधळ होतो हे मान्य, पण ते केवळ शीर्षक आहे. नियम गाइडलाइनमध्ये आहे आणि क्लासवाल्यांनी शीर्षकावरून नियम शिकवला.

आता पहिला चार्ट पाहा. वयस्कर माणसाच्या डोक्याला किरकोळ मार लागल्यावर मेंदू आणि त्यावरचे जाड आवरण यांच्यामध्ये रक्त हळूहळू साचत जाते आणि काही आठवड्यांनी ते मेंदूवर दाब आणू लागते. वयानुसार मेंदू थोडा आक्रसतो, त्यावरून आवरणाकडे जाणाऱ्या बारीक शिरा ताणल्या जातात, म्हणून अशा वयात हलका धक्काही पुरतो. तुमच्या चार्टमधील गृहस्थांना सहा आठवड्यांनी कवटीला छिद्र पाडून ते रक्त काढावे लागले. दुखापत जुनी आहे हे खरे, पण शस्त्रक्रियेपेक्षा सक्रिय उपचार दुसरा कोणता असणार? बेशुद्धी नव्हती असे नोंदले असेल तर या भरतीचा कोड एस०६.५एक्स०ए होतो (त्यातला एक्स केवळ रिकामी जागा भरतो). त्यानंतर टाके तपासायला किंवा पुन्हा सीटी स्कॅन दाखवायला ते येतील तेव्हा तोच कोड डी घेऊन येईल. टाके काढण्याच्या भेटीलाही आफ्टरकेअरचा, म्हणजे उपचारानंतरच्या देखभालीचा, झेड-कोड द्यायचा नाही, कारण दुखापतीच्या बाबतीत ते काम सातव्या अक्षराकडेच सोपवलेले आहे.

मात्र या चार्टमध्ये एक गोष्ट पुन्हा उघडून तपासा. चार्टमध्ये न्हाणीघरातल्या पडण्याचा आणि या रक्तस्रावाचा संबंध डॉक्टरांनी स्वतः जोडला आहे का? ‘क्रॉनिक सबड्युरल’ (आवरणाखालचा जुना रक्तस्राव) एवढेच लिहिले असेल आणि पडण्याचा उल्लेख केवळ पूर्वेतिहासात असेल, तर तुम्ही तो संबंध गृहीत धरू शकत नाही, कारण दुखापतीशिवायच्या क्रॉनिक रक्तस्रावासाठी आय६२.०३ हा वेगळाच कोड आहे आणि दोहोंत फार मोठे अंतर आहे. अशा वेळी क्वेरी, म्हणजे डॉक्टरांना लेखी प्रश्न, पाठवावी, आणि ती उत्तर सुचवणारी नसावी: ‘हा रक्तस्राव पडण्यामुळे झाला ना?’ असे न विचारता, रक्तस्रावाचे कारण नोंदवावे अशी विनंती करून नोंदीतील तथ्ये आणि संभाव्य पर्याय समोर ठेवावेत.

दुसऱ्या चार्टवर थोडे अधिक थांबतो, कारण फॉलो-अपच्या कोडिंगमध्ये सर्वाधिक चुका इथेच होतात आणि इथल्या चुकीची किंमत रुग्णाला मोजावी लागते. ‘उरलेली’ आणि ‘पूर्वीच्या दुखापतीमुळे’ असे डॉक्टरांनी लिहिल्यावर ती बाई आता भरून येण्याच्या टप्प्यात नाही. दुखापत तिची तिची पार पडली आहे आणि मागे एक अडचण ठेवून गेली आहे. म्हणून दोन कोड लागतात. आधी त्या अडचणीचा, म्हणजे एकाग्रतेसाठी आर४१.८४०, आणि त्यामागून मूळ दुखापतीचा कोड एस अक्षरासह. एस हे अक्षर फक्त दुखापतीच्या कोडला लागते, अडचणीच्या कोडला नाही, आणि क्रम उलटा झाला तर क्लेम परत येऊ शकतो. तुम्ही केवळ दुखापतीचा कोड दिला, त्यामुळे बाईंना आज नेमके काय होत आहे हे क्लेमवर कुठेच दिसले नाही. थेरपीच्या पुढच्या सत्रांना मंजुरी मागताना विमा कंपनी जे वाचते ते हेच.

उरलेल्या अडचणीचा कोड निवडताना ‘मेंदूची अडचण’ असा मोघम विचार चालत नाही. एकाग्रता, बोलण्यातून विचार मांडण्याची क्षमता, नियोजन आणि निर्णयाची क्षमता यांना आर४१.८४ च्या कुटुंबात वेगवेगळी घरे आहेत. विसरण्याची तक्रार आर४१.३ मध्ये जाते. डोक्याच्या मारानंतर वास येईनासा होतो त्याला आर४३.० आहे, दुखापतीनंतरच्या झटक्यांना आर५६.१, पण डॉक्टरांनी अपस्मार असे निदान केले की तो कोड बाद होऊन जी४० कडे जावे लागते. आठ महिने हे एस साठी पुरेसे आहेत का, अशी शंका तुम्हाला येऊ शकते. अमेरिकेच्या नियमात कालमर्यादाच नाही. परिणाम दोन महिन्यांतही एस होऊ शकतो, वीस वर्षांनीही. ठरवते ते डॉक्टरांचे लिखाण.

याच बाईंच्या चार्टमध्ये सहाव्या अक्षराचाही प्रश्न आहे, तो तुम्ही विचारला नाही, पण पुढच्या ऑडिटमध्ये तो निघेल. एस०६ च्या बहुतेक कोडमध्ये सहावे अक्षर बेशुद्धीचा काळ सांगते: शून्य म्हणजे शुद्ध हरपली नव्हती, एक म्हणजे तीस मिनिटांपर्यंत, आणि पुढे वाढत्या काळाच्या पायऱ्या. डाव्या बाजूच्या माराचे कोड एस०६.३२ मध्ये आहेत. या बाई बेशुद्ध होत्या एवढेच लिहिले आहे, किती वेळ ते नाही, म्हणून नऊ, आणि कोड एस०६.३२९एस. १ ऑक्टोबर २०२२ पासून सहाव्या जागी ए हेही अक्षर आले आहे, आणि ते नऊचा पर्याय नाही. शुद्ध हरपली होती पण वेळ नोंदलेला नाही, तर नऊ. हरपली होती की नाही हेच ठाऊक नाही, तर ए. त्यामुळे एस०६.५एक्सएए असा कोड दिसला तर तो टंकनदोष समजून दुरुस्त करू नका. त्यातला पहिला ए बेशुद्धीचा आहे आणि दुसरा टप्प्याचा. फॉलो-अपच्या नोंदीत बेशुद्धीचा उल्लेखच नसेल तर आठ महिन्यांपूर्वीच्या चार्टमध्ये जाऊन तो शोधून आणण्याचा मोह होतो. तो आवरा. प्रत्येक भेटीची नोंद स्वतःच्या पायावर उभी असावी लागते. मागच्या भेटीतून निदान उचलून आजच्या क्लेममध्ये बसवणे कोडरचे काम नाही, ते डॉक्टरांनी आजच्या नोंदीत आणायचे असते.

तिसऱ्या चार्टवर तुम्ही रिबटल अवश्य टाका. मुलाच्या डॉक्टरांनी ‘कन्कशन सुधारत आहे’ असे लिहिले आहे. कन्कशननंतरचा सिंड्रोम असे निदान त्यांनी कुठेही केलेले नाही. पाच आठवडे झाले आणि डोके दुखते आहे, या दोन गोष्टी जोडून एफ०७.८१ काढणे म्हणजे कोडरने, आणि इथे ऑडिटरने, डॉक्टरांच्या खुर्चीत बसणे. हे निदान करायला डॉक्टर लक्षणे, त्यांचा काळ, झोप, मनःस्थिती असे बरेच काही तोलतात. शिवाय त्या कोडखालीच चालू कन्कशन वगळल्याची टीप आहे, आणि या मुलाचे कन्कशन डॉक्टरांच्या मते अजून चालूच आहे, भरून येत आहे. म्हणून एस०६.०एक्स०डी योग्य. डोकेदुखीचा स्वतंत्र कोड तुम्ही दिला नाहीत हेही बरोबर केलेत, कारण डोकेदुखी हे कन्कशनचे नेहमीचे लक्षण आहे आणि आजारात अंगभूत असलेली लक्षणे वेगळी मोजायची नसतात. पुढच्या भेटीत डॉक्टरांनी सिंड्रोमचे नाव लिहिले तर चित्र बदलेल, तेव्हा एफ०७.८१ येईल आणि डोकेदुखी दुखापतीनंतरची आहे असे नोंदले असेल तर तिच्यासाठी जी४४.३ मधला कोड सोबत लागेल. ‘सिंड्रोम असावा’ किंवा ‘शक्यता वाटते’ असे लिहिले तर मात्र नाही: बाह्यरुग्ण विभागात संशयित निदान कोड होत नाही.

रिबटल लिहिताना भाषा थंड ठेवा. डॉक्टरांचे वाक्य जसेच्या तसे, त्याच्या तारखेसह उतरवा, त्याखाली गाइडलाइनमधील कलमाचा क्रमांक द्या आणि तिथेच थांबा. वर्षभर चांगले काम केले, लाइट गेली तरी इन्व्हर्टरवर शिफ्ट पुरी केली, हे सगळे खरे असले तरी ते टीम लीडशी बोलताना सांगावे, रिबटलमध्ये नाही. पहिल्या दोन चुका त्याच पत्रात मान्य केल्यात तर तिसऱ्या मुद्द्याला वजन येईल, असे ऑडिटच्या टेबलाच्या दोन्ही बाजूंना बसल्यामुळे खात्रीने सांगू शकतो.

एक चौथी परिस्थिती तुमच्या पत्रात नाही, पण या कामात ती रोज येते. रुग्ण पूर्ण बरा आहे, मागे काहीही उरलेले नाही आणि डॉक्टर शेवटचे तपासून मोकळे करतात. इथे दुखापतीचा कोड कोणत्याच अक्षरासह द्यायचा नाही. उपचार संपल्यानंतरच्या तपासणीसाठी झेड०९ आणि मेंदूच्या दुखापतीचा पूर्वेतिहास सांगणारा झेड८७.८२० पुरतात. पूर्वेतिहासाचा हा कोड काही कोडर सरसकट प्रत्येक फॉलो-अपला चिकटवतात. परिणाम उरले असतील किंवा दुखापत अजून भरून येत असेल तर तो बसत नाही. अपघात कसा झाला हे सांगणारा बाह्य कारणाचा कोड मात्र दुखापतीवर उपचार चालू असेल त्या प्रत्येक भेटीला, दुखापतीला जुळणाऱ्या सातव्या अक्षरासह जातो. घटनास्थळाचा वाय९२ फक्त पहिल्याच भेटीत.

रुग्णांची नावे, तारखा, गावे यांतले काहीही तुम्ही पत्रात येऊ दिले नाहीत, याची दखल घ्यायला हवी. रुग्णांच्या माहितीच्या गोपनीयतेसाठीच्या अमेरिकेच्या १९९६ च्या हिपा कायद्याची बंधने तुमच्या घरातल्या टेबलापर्यंत येतात, आणि घरून काम करणाऱ्यांच्या हातून ती नकळत मोडली जातात.

आता तुमच्या मावसभावाचे. त्याच्या फॉर्मवर तुम्ही कोड लिहू नये, आणि त्याची कारणे दोन आहेत. पहिले असे की तुम्ही शिकलात ते आयसीडी-१०-सीएम हे अमेरिकेने १ ऑक्टोबर २०१५ पासून वापरात आणलेले स्वतःचे रूप आहे. आपल्याकडील रुग्णालये ज्या आयसीडी-१० वर चालतात ते जागतिक आरोग्य संघटनेचे मूळ वर्गीकरण, आणि त्यात ए, डी, एस ही सातवी अक्षरे नाहीतच. तुम्ही सवयीने सात अक्षरी कोड लिहिलात तर विमा कंपनीच्या टेबलावर तो बसणार नाही. मेंदूच्या आवरणाखालच्या रक्तस्रावाला तिथे नुसता एस०६.५ आहे, आणि दुखापतीनंतर मागे राहिलेल्या परिणामांसाठी टी९०.५ असा वेगळाच कोड आहे. त्याच्या टिपेनुसार परिणाम म्हणून नोंदलेल्या तक्रारींबरोबर दुखापतीनंतर वर्षभर किंवा त्याहून अधिक काळ राहिलेल्या तक्रारीही त्यात येतात. मेमध्ये पडलेल्या मावसभावाला तो आज उगाच लावण्याचे कारण नाही. झाडावरून पडण्याचा डब्ल्यू१४ मात्र दोन्हीकडे एकच आहे. आपल्या किनाऱ्यावर आंबा, माड, पोफळी यांमुळे तो जितका लागत असेल तितका त्या वर्गीकरणाच्या कर्त्यांना क्वचितच अपेक्षित असेल.

दुसरे कारण अधिक महत्त्वाचे. फॉर्मचा आयसीडीचा रकाना रुग्णालयाने भरून शिक्का मारायच्या भागात असतो. तिथे नातेवाइकाचे हस्ताक्षर दिसले तर खरा दावाही संशयात सापडतो. तुमचे ज्ञान वापरायचे आहे ते कोड लिहिण्यात नाही, तर कोड बरोबर लागावा असे कागद तयार करून घेण्यात. डिस्चार्ज समरीत पडण्याचे कारण, बेशुद्धीचा काळ, भरतीच्या वेळचा ग्लासगो कोमा स्केल (शुद्धीची पातळी मोजणारे गुण) आणि सीटी स्कॅनचा निष्कर्ष आहे का, हे बघा. काही सुटले असेल तर रुग्णालयाकडून दुरुस्त प्रत मागा. एमएलसी, म्हणजे पोलिसांना कळवायची मेडिको-लीगल नोंद, झाली असेल तर तिची प्रत ठेवा, अपघाताच्या दाव्यात ती बहुधा मागितली जाते. भरतीनंतरचा खर्च पॉलिसीत ठरलेल्या दिवसांपुरता आणि त्याच आजारासाठीच मिळतो. म्हणून फॉलो-अपच्या प्रत्येक चिठ्ठीवर डॉक्टरांनी निदान आणि अपघाताची तारीख लिहावी असा आग्रह धरा. नुसत्या औषधांच्या यादीवरून बिल कोणत्या दुखापतीचे आहे हे सिद्ध होत नाही आणि पैसे अडकतात ते तिथेच.

आणि तुमच्या पहिल्या चार्टमधल्या गृहस्थांचे प्रकरण घरात सांगा. शस्त्रक्रिया न लागलेला रक्तस्राव बहुतेकांत विरून जातो, पण काहींत आठवड्यांनंतरही वाढतो. मावसभावाची डोकेदुखी वाढत गेली, उलट्या झाल्या, तो नेहमीपेक्षा जास्त गुंगीत राहू लागला, बोलण्यात गोंधळ झाला, एका हातापायातली ताकद कमी वाटली किंवा झटका आला, तर फॉलो-अपच्या तारखेची वाट न पाहता सीटी स्कॅनची सोय असलेल्या रुग्णालयात त्याच दिवशी न्यावे, पाऊस कितीही असो. पुन्हा झाडावर केव्हा चढायचे, दुचाकी केव्हा चालवायची, झटक्यांवरची गोळी लागली असेल तर ती केव्हा थांबवायची, हे डॉक्टरांनाच विचारायचे प्रश्न आहेत. ते एका कागदावर लिहून त्याच्यासोबत जाणाऱ्याच्या हाती द्या, आणि फॉर्ममधला तो रकाना कोराच ठेवून मावशींना रुग्णालयाच्या विमा कक्षात पाठवा.